कोणती गोळी, कितव्या दिवशी, किती?

गरोदरपणातली औषधे आणि बाळातली जन्मजात व्यंगे या विषयावर आलेल्या पत्रांतली काही इथे घेतली आहेत. बहुतेक पत्रांत औषधाचे नाव ठळक अक्षरांत आहे, पण ते कितव्या दिवशी घेतले हे फार थोड्या जणींनी कळवले. अर्धे उत्तर त्या तारखेत असते. म्हणून आधी हिशोब सांगतो. डॉक्टर गरोदरपणाचे आठवडे शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून मोजतात. गर्भ त्यानंतर साधारण दोन आठवड्यांनी राहतो. म्हणजे ‘सहावा आठवडा’ म्हटले की गर्भाचे खरे वय चार आठवडे. खाली जिथे ‘पाळीपासून’ म्हटले आहे तिथे पहिला हिशोब धरावा.

घरी सत्यनारायणाची पूजा होती म्हणून पाळी पुढे ढकलायला नॉरएथिस्टेरॉन ५ मिलिग्रॅमच्या गोळ्या दिवसातून तीनदा, दहा दिवस घेतल्या. पाळीच्या तारखेआधी तीन दिवस सुरू केल्या होत्या. थांबवून आठवडा झाला तरी पाळी नाही, आणि लघवीच्या तपासणीत दोन रेघा आल्या. ‘मुलगी असेल तर तिच्यात दोष राहील, पाडून टाक,’ असे मैत्रीण म्हणते. पाळी २८ दिवसांची आहे. (नाशिक)

कॅलेंडर समोर घ्या. तुमच्या गोळ्या पाळीच्या २६व्या दिवशी सुरू झाल्या आणि ३५व्या दिवशी संपल्या. गर्भ १४व्या दिवसाच्या आसपास राहिला असणार. म्हणजे गोळ्या चालू होत्या तेव्हा गर्भाचे वय १२ ते २१ दिवस होते. पहिल्या दोन आठवड्यांत गर्भ म्हणजे पेशींचा छोटा पुंजका. त्या काळात मोठा घाव बसला तर बहुतेक वेळा गर्भ टिकतच नाही, आणि टिकला तर भरून निघतो. अवयवांची खरी मांडणी त्यानंतर, पाळीपासून पाचव्या ते दहाव्या आठवड्यात होते.

मैत्रीण म्हणते ते अगदीच हवेतले नाही, पण ते तुमच्या बाबतीत लागू नाही. पूर्वी गर्भपात टळावा म्हणून अशी संप्रेरके मोठ्या मात्रेत कित्येक आठवडे देत. तेव्हा काही मुलींची बाह्य जननेंद्रिये मुलासारखी वाढलेली आढळली. ती घडण पाळीपासून दहाव्या आठवड्याच्या सुमाराला सुरू होते. तुमच्या गोळ्या त्याच्या कितीतरी आधी संपल्या. एवढ्यासाठी गर्भपात करण्याचे काही कारण नाही. फॉलिक ॲसिड ४०० मायक्रोग्रॅम रोज सुरू करा, सहाव्या-सातव्या आठवड्यात पहिली सोनोग्राफी करा, आणि १८ ते २० आठवड्यांची अवयवांची तपशीलवार सोनोग्राफी चुकवू नका.

आणखी एक. पाळी ढकलायच्या महिन्यात निरोध वापरलेला बरा. २६व्या दिवशी लघवीची तपासणी करून उपयोग नसतो, गर्भ असला तरी तेव्हा ती बहुधा ‘नाही’च सांगते.

मुलगी २३ वर्षांची, लग्न ठरले आहे. फिट्ससाठी सोडियम व्हॅल्प्रोएट रोज १००० मिलिग्रॅम घेते, दोन वर्षांत एकही फिट नाही. या गोळीने बाळात दोष येतो असे वाचले. लग्नानंतर बंद केली तर चालेल का? मुलाकडच्यांना आम्ही फिट्सचे सांगितलेले नाही. (कोल्हापूर)

बंद करायची नाही. बदलायची, तीही लग्नाच्या आधीपासून.

वाचलेत ते खरे आहे. गरोदरपणात घेतल्या जाणाऱ्या फिट्सच्या औषधांत व्हॅल्प्रोएट सर्वांत जोखमीचे. कुठलेही औषध न घेणाऱ्या आईच्या बाळांतही शंभरात दोन-तीन बाळांना मोठे व्यंग असते. व्हॅल्प्रोएटवर हा आकडा दहाच्या घरात जातो, आणि तो मात्रेबरोबर चढतो. युरोपातल्या मोठ्या नोंदवहीत दिवसाला ६५० मिलिग्रॅमपर्यंत सुमारे ६ टक्के, त्यापुढे १४५० पर्यंत सुमारे ११ आणि त्याच्याही वर २५ टक्के अशी चढण दिसली. तुमची मुलगी मधल्या पायरीवर आहे. कण्याची नळी उघडी राहणे, हृदयातले छिद्र, दुभंगलेली टाळू ही त्यातली ठळक व्यंगे. याहून दुर्लक्षित धोका मेंदूच्या वाढीचा आहे. पोटात व्हॅल्प्रोएट मिळालेल्या मुलांपैकी ३० ते ४० टक्के मुलांत बोलणे, शिकणे, लक्ष लागणे यांत अडचणी किंवा स्वमग्नता आढळते. सोनोग्राफीत हे दिसत नाही.

लॅमोट्रिजिन आणि लेव्हेटिरासिटाम यांवर व्यंगांचे प्रमाण तीन टक्क्यांच्या आसपास, म्हणजे जवळपास सर्वसाधारण पातळीवर राहते. मग आजच का बदलू नये? कारण बदलाला महिने लागतात. व्हॅल्प्रोएट चालू असताना लॅमोट्रिजिन सुरू केले तर रक्तातली त्याची पातळी दुपटीने चढते आणि अंगावर गंभीर पुरळ उठू शकते. त्यामुळे ते एक दिवसाआड २५ मिलिग्रॅमपासून अगदी हळू वाढवावे लागते. नवे औषध पुरेसे चढले की व्हॅल्प्रोएट टप्प्याटप्प्याने उतरवायचे, आणि नव्या औषधावर फिट्स आवरतात का हे काही महिने पाहायचे. काही प्रकारच्या फिट्स व्हॅल्प्रोएटशिवाय आवरत नाहीत. तशी वेळ आली तर शक्य तितकी कमी मात्रा विभागून देतात आणि जोखीम सांगून पुढे जातात. हा निर्णय मेंदूविकारतज्ज्ञांचा. तोवर गर्भ राहू नये याची पक्की सोय हवी. इथे एक गुंता आहे: इस्ट्रोजेन असलेल्या गर्भनिरोधक गोळ्या लॅमोट्रिजिनची पातळी खाली आणतात. तांबी हा सोपा मार्ग.

फॉलिक ॲसिड ५ मिलिग्रॅम रोज, गर्भ राहण्याच्या निदान एक ते तीन महिने आधीपासून. कण्याची नळी गर्भाच्या २८व्या दिवसापर्यंत मिटते, म्हणजे पाळी चुकून जेमतेम दोन आठवडे झालेले असतात. दिवस गेल्याचे कळल्यावर सुरू केलेल्या गोळीला तिथे पोहोचायला बहुधा उशीर झालेला असतो. मात्र फॉलिक ॲसिड घेतले की व्हॅल्प्रोएट निर्धोक झाले, असे कुणी सांगितले तर त्यावर विश्वास ठेवू नका. गरोदरपणात लॅमोट्रिजिनची पातळी निम्म्यावर येऊ शकते. म्हणून दर महिन्या-दोन महिन्यांनी पातळी पाहून मात्रा वाढवतात आणि बाळंतपणानंतर पुन्हा उतरवतात. ही उतरवायची राहिली तर बाळंतिणीला चक्कर येते, एकाची दोन दिसतात.

आता तुम्ही न विचारलेले. सासरी लपवलेली गोळी उशीखाली राहते आणि विसरली जाते. व्हॅल्प्रोएट एकदम तुटले की फिटमागून फिट येत राहण्याचा धोका असतो, आणि त्यात आई व गर्भ दोघेही जाऊ शकतात. तिरुवनंतपुरमच्या श्री चित्रा तिरुनाल संस्थेत १९९८पासून फिट्स असलेल्या गरोदर बायकांची नोंदवही चालते. त्यातल्या बहुसंख्य बायकांना धडधाकट मुले झाली आहेत. हे सांगून लग्न करणे लपवून करण्यापेक्षा सोपे आहे, निदान औषधाच्या दृष्टीने तरी.

मेडिकलमधून गर्भपाताचे किट आणून घेतले. रक्तस्राव झाला म्हणून सुटले असे वाटले. आता सोनोग्राफीत ११ आठवड्यांचा गर्भ जिवंत आहे. आता ठेवावासा वाटतो. (पुणे जिल्हा)

किटमध्ये मिफेप्रिस्टोन २०० मिलिग्रॅमची एक गोळी आणि मिसोप्रोस्टॉल २०० मायक्रोग्रॅमच्या चार गोळ्या असतात. डॉक्टरांच्या देखरेखीखाली, नऊ आठवड्यांच्या आत घेतल्या तरीही शंभरातल्या एखाद-दुसरीत गर्भ वाढतच राहतो. रक्तस्राव ही गर्भ पडल्याची खूण नव्हे. पंधराव्या दिवशीची तपासणी नेमकी यासाठी असते, आणि किट परस्पर आणणाऱ्यांची नेमकी तीच चुकते.

मिसोप्रोस्टॉल गर्भाशय जोरात आवळते. गर्भाकडे जाणारे रक्त त्या वेळी कमी पडते आणि नुकती घडत असलेली टोके मार खातात. बोटे किंवा हातापायाचा भाग अपुरा राहणे, पाय वाकडे येणे, आणि चेहरा व डोळे हलवणाऱ्या मज्जातंतूंचे नुकसान होणे ही त्यातली व्यंगे. शेवटच्या व्यंगाला मोबियस सिंड्रोम म्हणतात: बाळ हसू शकत नाही, डोळे बाजूला वळवू शकत नाही. ब्राझीलमध्ये या गोळ्या चोरून वापरल्या जात, तिथल्या मुलांवरून हे उघड झाले. धोका खरा आहे, पण बहुसंख्य बाळांना व्यंग नसते. ते किती हे छातीठोक सांगणारे कुणी भेटले तर सावध राहा.

आज करायचे ते असे. किट घेतल्याची तारीख आणि सोनोग्राफीतले वय जुळवून त्या दिवशी गर्भ किती आठवड्यांचा होता ते काढा. ११ ते १४ आठवड्यांच्या मधली सोनोग्राफी करा, पुढे १८ ते २० आठवड्यांची अनुभवी तज्ज्ञाकडून. हातापायांची बोटे मोजून बघा असे त्यांना स्पष्ट सांगा, आणि किटची गोष्ट लपवू नका. मोबियस मात्र सोनोग्राफीत खात्रीने दिसत नाही, हे धरून चला. ठेवायचा नसेल तर २०२१च्या दुरुस्तीनंतर २० आठवड्यांपर्यंत एका नोंदणीकृत डॉक्टरांच्या मताने गर्भपात होतो, तोही मान्यताप्राप्त केंद्रात. दुसरे किट आणून घरी प्रयोग नको.

सासऱ्यांना मल्टिपल मायलोमा (अस्थिमज्जेतल्या पेशींचा कर्करोग) आहे. त्यांना थॅलिडोमाइड ५० मिलिग्रॅमच्या कॅप्सूल दिल्या आहेत. औषधे मीच काढून देते आणि मला दुसरा महिना आहे. हेच ते जुने औषध का? अजून विकतातच कसे? (सोलापूर)

हेच ते. आजपासून कॅप्सूल दुसऱ्या कुणी तरी काढून द्याव्यात.

पश्चिम जर्मनीतल्या ग्रुनेन्थाल कंपनीने ऑक्टोबर १९५७मध्ये ते झोपेचे, इतके निर्धोक औषध म्हणून बाजारात आणले की चिठ्ठीशिवाय मिळे. गरोदर बायकांना मळमळीवरही ते दिले गेले. हॅम्बर्गचे डॉ. विडुकिंड लेंझ आणि ऑस्ट्रेलियातले डॉ. विल्यम मॅकब्राइड यांनी १९६१च्या अखेरीस बोट दाखवले आणि नोव्हेंबरात जर्मनीत ते मागे घेतले गेले. तोवर जगभरात दहा हजारांच्या आसपास मुले हात किंवा पाय खुरटलेली जन्मली होती. त्यांतली पुष्कळशी जन्माच्या सुमारासच गेली. अमेरिकेत मात्र डॉ. फ्रान्सिस केल्सी यांनी कंपनीकडे पुरावे मागत फाइल अडवून धरली आणि तिथे परवाना मिळालाच नाही.

पाळीपासून ३४ ते ५० दिवस हीच त्याची घातक खिडकी. त्यातही आधीच्या दिवसांत घेतले तर कान, नंतर हात, त्याहून नंतर पाय. एखाद-दुसरी गोळीही पुरे होत असे. असे का, हे कळायला पन्नासहून अधिक वर्षे गेली. हे औषध पेशीतल्या सेरेब्लॉन नावाच्या प्रथिनाला चिकटते आणि हातपाय घडवायला लागणारे सॅल-४ हे प्रथिन मोडीत निघते. उंदरांचे सेरेब्लॉन थोडे वेगळे असल्याने त्यांच्यात हा परिणाम दिसला नव्हता. सेरेब्लॉनला चिकटण्याच्या त्याच गुणामुळे ते मायलोमाच्या पेशींना मारक ठरते. कुष्ठरोगातल्या वेदनादायक गाठींच्या प्रतिक्रियेवरही ते १९६४पासून वापरतात. म्हणून ते विकले जाते, आणि विकले जावे.

घरात मात्र नियम हवेत. अख्ख्या कॅप्सूलला आजवर हात लागला असेल तर घाबरू नका, औषध आतल्या पुडीत असते. फुटलेल्या कॅप्सूलला हात लावायचा नाही. लागलाच तर साबणाने धुवायचा. कॅप्सूल कधीच उघडून पाण्यात द्यायची नाही. डबा वेगळा, नाव लिहिलेला, कुलपात. तापाची गोळी समजून दुसऱ्या कुणी घेतली असे होता कामा नये. उरलेल्या कॅप्सूल दवाखान्यात परत. सासऱ्यांनी औषध चालू असताना आणि थांबवल्यावर चार आठवडे रक्तदान करायचे नाही. हे औषध वीर्यात उतरते. म्हणून घरातल्या तरुण पुरुषाला ते चालू असते तर त्याला निरोध सक्तीचा झाला असता. पुढे औषध बदलून लेनालिडोमाइड आले तरी हेच सगळे पाळा, ते त्याच घराण्यातले आहे.

नवरा मुरुमांसाठी आयसोट्रेटिनॉइन घेतो आणि आम्हाला मूल हवे आहे. थांबावे का? (ठाणे)

नाही. वीर्यातून जाणारा अंश नगण्य असतो. त्याने रक्तदान मात्र औषध संपल्यावर महिनाभर करू नये. आणि ‘माझ्याही चेहऱ्यावर आले आहेत’ म्हणून त्याच्या पाकिटातली एकही गोळी तुम्ही घेऊ नका. बाईने घेतली तर कान, हृदय, मेंदू यांची व्यंगे २० ते ३५ टक्के बाळांत होतात. ती घेणाऱ्या बाईने गोळी थांबवून एक महिना गर्भ राहू द्यायचा नसतो. सोरायसिसवरचे, त्याच घराण्यातले ॲसिट्रेटिन असेल तर तीन वर्षे.

बहिणीच्या हृदयात धातूची झडप आहे. रक्त पातळ राहावे म्हणून ॲसिनोकूमारॉल ३ मिलिग्रॅम चालू. तिला दिवस गेलेत. गोळीने बाळाचे नाक बसते असे कळल्यापासून तिने ती सोडली आहे. (लातूर)

हे वाचत असाल त्या दिवशीच तिला हृदयरोगतज्ज्ञांकडे न्या. गोळी सुटलेल्या धातूच्या झडपेवर गुठळी धरते, झडप अडकते आणि तासा-दोन तासांत जीव जाऊ शकतो.

बाळाचा धोका पाळीपासून ६ ते १२ आठवड्यांत असतो. या गोळ्या के-जीवनसत्त्वावर चालणारी प्रथिने अडवतात. त्यांतली काही कुर्चेला लागतात, म्हणून नाक चपटे राहते आणि हाडांच्या टोकांवर चुन्याचे ठिपके येतात. हा धोका मात्रेवर आहे. ॲसिनोकूमारॉल दिवसाला २ मिलिग्रॅमपर्यंत पुरत असेल तर पुष्कळदा सगळे सांगून-समजावून तेच चालू ठेवतात. त्याहून जास्त लागत असेल तर त्या सहा आठवड्यांपुरते हेपॅरिनच्या जातीचे इंजेक्शन पोटाच्या कातडीखाली दिवसातून दोनदा देतात. हेपॅरिन वार (प्लासेंटा) ओलांडून बाळापर्यंत जात नाही. पण झडपेसाठी ते तितके भरवशाचे नाही, म्हणून वजनावरून मात्रा ठरवून सोडून देता येत नाही. अँटी-एक्सए ही रक्ततपासणी करून मात्रा पुन्हा पुन्हा जुळवावी लागते. ही तपासणी जिथे होते तिथेच हा मार्ग घ्या. बाराव्या आठवड्यानंतर पुन्हा गोळी, आणि ३६व्या आठवड्याच्या सुमाराला पुन्हा इंजेक्शन. गोळीने बाळाचेही रक्त पातळ होते, आणि प्रसूतीच्या कळांत त्याच्या डोक्यात रक्तस्राव होऊ शकतो.

उलटीसाठी डॉक्सिलॅमिन-पायरिडॉक्सिनची गोळी दिली आहे. अमेरिकेत तिच्यावर खटले झाले होते ना? ती कुठल्या ‘कॅटेगरी’त येते? (पणजी)

खटले झाले. त्यांना कंटाळून कंपनीने १९८३मध्ये तिथे गोळी मागे घेतली. व्यंगांचे प्रमाण काही उतरले नाही. वाढले ते उलट्यांनी दवाखान्यात दाखल होणाऱ्या बायकांचे. दोन लाखांहून जास्त गरोदरपणांचे अभ्यास तिच्या बाजूने उभे राहिले आणि २०१३मध्ये ती परतली. रात्री दोन घ्या. पुरली नाही तर सकाळी एक, दुपारी एक, दिवसाला चारच्या वर नाही (गोळी १० अधिक १० मिलिग्रॅमची असेल तर). झोप येते, दुचाकी चालवू नका.

कॅटेगरीचे वेड सोडा. ए-बी-सी-डी-एक्स ही १९७९ची अमेरिकी पद्धत २०१५पासून तिथेच मोडीत काढायला सुरुवात झाली, आपल्याकडे मात्र ती अजून फिरते. गर्भनिरोधक गोळ्या ‘एक्स’मध्ये होत्या. त्या गर्भाला घातक म्हणून नव्हे. गरोदर बाईला त्यांचा काही उपयोग नाही, म्हणून. चुकून घेतलेल्या बायका ते एक अक्षर पाहून गर्भपाताला निघत.

‘मुलगा होण्याचे’ औषध सासूबाई दुसऱ्या महिन्यात गाईच्या दुधातून देतात. जडीबुटीच आहे, काय बिघडते? (बीड)

बाळाचे लिंग गर्भ राहिला त्याच क्षणी ठरलेले असते. दुसऱ्या महिन्यात बदलायला काही उरलेले नसते, बिघडवायला मात्र सगळे असते. हरियाणातल्या अभ्यासांत अशा औषधांच्या नमुन्यांत वनस्पतिजन्य इस्ट्रोजेन आणि टेस्टोस्टेरॉनही सापडले, आणि ती घेतलेल्या बायकांत व्यंग असलेल्या बाळांचे प्रमाण जास्त आढळले. दूध प्या, पुडी मोरीत टाका.

बाळाचा वरचा ओठ दुभंगलेला आहे. पाचव्या महिन्यात मला टायफॉइड झाला होता, तेव्हाच्या अँटिबायोटिकमुळे हे झाले असे सगळे म्हणतात. (अमरावती)

होऊ शकत नाही. वरचा ओठ पाळीपासून नवव्या आठवड्यापर्यंत जुळून पूर्ण होतो, टाळू बाराव्याच्या आसपास. पाचव्या महिन्यात घेतलेले कुठलेही औषध जुळलेला ओठ उसवत नाही. एकूण जन्मजात व्यंगांत औषधांचा वाटा शंभरात जेमतेम एक असतो. उपचार न केलेल्या टायफॉइडने मात्र तुम्ही आणि बाळ दोघेही धोक्यात आला असता. हे उत्तर घरी सगळ्यांना वाचून दाखवा.

बाळाला बसते धरून, थोडे-थोडे पाजा आणि मध्येमध्ये ढेकर काढा. टाळूही दुभंगली असेल तर ओढता येत नाही. मग काढलेले दूध वाटी-चमच्याने किंवा दाबता येणाऱ्या बाटलीने द्या. ओठाची शस्त्रक्रिया साधारण तीन महिन्यांच्या पुढे करतात. वजन साडेचार-पाच किलो आणि हिमोग्लोबिन १० हवे. टाळूची ९ ते १८ महिन्यांच्या मध्ये. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात हे उपचार मोफत आहेत: अंगणवाडीत येणाऱ्या पथकाला दाखवा किंवा थेट जिल्हा रुग्णालयातल्या शीघ्र हस्तक्षेप केंद्रात जा. टाळू दुभंगलेल्या मुलांच्या कानात पाणी साठून ऐकू कमी येते आणि बोलणे मागे पडते, म्हणून कानांची तपासणी पहिल्या वर्षातच करून घ्या.

एखाद्या औषधावर खराच संशय असेल तर औषधांच्या दुष्परिणामांची नोंद घेणाऱ्या राष्ट्रीय कार्यक्रमाला १८००-१८०-३०२४ या निःशुल्क क्रमांकावर कळवता येते, डॉक्टरांच्या सहीची गरज नाही. फोन करताना औषधाचे नाव, मात्रा, सुरू आणि बंद केल्याची तारीख, आणि शेवटच्या पाळीची तारीख हाताशी ठेवा.